५६ मात्रांनंतरचा मुकुट

नाटक कल्पित, त्यातलं राज्य कल्पित, नदीही कल्पित. पण त्या नाटकातल्या एका धुनेवरून गेले दोन महिने आमच्या बेळगावात जे वाद चाललेत ते अगदी खरे आहेत. इथल्याच काही तरुण मुलामुलींनी हे नाटक बसवलं. त्यांची नावं आणि नाटकाचं नाव मी मुद्दाम घेत नाही; त्यांना पुरेसे फोन येऊन गेलेत. एका नदीच्या दोन काठांवर वसलेलं एक राज्य आहे. नवा राजा गादीवर बसतो तेव्हा दोन्ही काठांचे वाजंत्री एकाच मात्रेला सुरुवात करतात. एका काठाचं आवर्तन, म्हणजे तालाचा एक फेरा, ७ मात्रांचं, दुसऱ्याचं ८ मात्रांचं. लय दोघांची एकच. पहिली सम, म्हणजे आवर्तनाची सुरुवातीची मात्रा, एकत्र पडते आणि लगेच दोघे एकमेकांपासून सुटायला लागतात. आधी एका मात्रेचं अंतर, मग दोन, मग तीन, आणि मध्यावर तर दोन्ही काठ जणू भांडतायत असं वाटावं इतका गलका. ७ मात्रांची ८ आवर्तनं आणि ८ मात्रांची ७ आवर्तनं झाली, म्हणजे ५६ मात्रा पुऱ्या झाल्या, की पुढच्या मात्रेला दोघांची सम पुन्हा एकत्र येते. मुकुट नेमका त्या मात्रेला ठेवायचा. चुकला तर आणखी ५६ मात्रा थांबायचं. त्या राज्यात कुणीही, राजासुद्धा, हा नियम मोडू शकत नाही.

माझे वडील भजनात पखवाज वाजवायचे. मोजणं मला घरातूनच आलं, बोटांच्या पेरांवर. पहिल्या प्रयोगाला मी अंधारात पेरं मोजत बसले होते आणि मुकुट बरोबर समेवर ठेवला गेला तेव्हा अंगावर काटा आला. बाहेर आवारात आले तर वाद सुरू झालेला होता, आणि तो भलत्याच गोष्टीवर होता. ८ मात्रांच्या काठाकडे पखवाज आणि टाळ आहेत, म्हणजे ते आपण. ७ मात्रांच्या काठाकडे करडी (उत्तर कर्नाटकातला ढोल) आणि हलगी आहे, म्हणजे ते कानडी. मग राजा त्यांच्या काठाकडे तोंड करून का बसतो, असं आमच्यातले काही जण विचारत होते. कन्नड बोलणारे एक परिचित तितक्याच कळकळीने विचारत होते की आमची करडी तुमच्या नाटकात 'पलीकडच्या माणसांची' खूण म्हणून का वापरली. आणि मुलांची बाजू घेणारे दोघांनाही सांगत होते, अहो, सगळं काल्पनिक आहे, एवढं मनावर कशाला घेता?

या तिन्ही बाजूंनी वाद चुकीचा मांडला, असं माझं मत आहे, आणि सगळ्यात चुकीचा तिसऱ्या बाजूने. कल्पित राज्यातली विधीची धून कुणाच्या वाद्यांनी वाजते यावर तिचं मोल ठरत नाही. तिने स्वतःसाठी जो नियम घातला आहे तो ती पाळते का आणि तो नियम त्या राज्याबद्दल काय सांगतो, यावर ते ठरतं. 'काल्पनिक आहे म्हणून चालतं' हे म्हणणं तर मुलांचा बचाव करता करता त्यांच्या कामाचा पायाच काढून घेतं. खऱ्या राज्यात नियम मोडला तरी राज्य उरतं. पोलीस असतात, कचेऱ्या असतात, सातबारा असतो. कल्पित राज्यात नियमाखेरीज दुसरं असतंच काय?

आधी मात्रांच्या मालकीचं पाहू, कारण तो भाग लवकर निकालात निघतो. ७ म्हणजे कानडी आणि ८ म्हणजे मराठी, हे गणित कुठून आलं? हिंदुस्थानी संगीतातला रूपक ७ मात्रांचा आहे आणि आपल्याकडची कितीतरी पदं त्यात बांधलेली आहेत. कर्नाटक संगीतात सर्वांत जास्त वापरला जाणारा आदिताल ८ मात्रांचा आहे. तिथला त्रिपुट ७ मात्रांचा, आणि त्याचे खंडही आपल्या रूपकासारखेच ३-२-२ असे पडतात. उलट तिथे ज्याला रूपक म्हणतात तो ६ मात्रांचा. नावं इकडची तिकडे गेली, मात्रा तिकडच्या इकडे आल्या. हलगीचंही तेच. कोल्हापूर-निपाणीकडे हलगी, घुमकं आणि कैताळ एकत्र वाजल्याशिवाय जत्रा उभी राहत नाही. आणि कन्नडमध्ये याच वाद्याला हलगे म्हणतात. ज्या वाद्याचं नावसुद्धा दोन्ही भाषांत एकच आहे, त्याला एका काठावर बसवून 'हे त्यांचं' कसं म्हणणार?

पण एवढ्याने विरोधकांचं म्हणणं खोडलं जात नाही, हे मला मान्य आहे. ऐकणारा माणूस तालाचा इतिहास घेऊन नाटकाला येत नाही. तो आठवणी घेऊन येतो. पखवाज आणि टाळ ऐकले की माझ्या डोळ्यांसमोर एकादशीची रात्र उभी राहते, आणि करडीचा घुमारा ऐकून कुणाला त्याच्या गावची जत्रा आठवत असेल. आवाजाला पत्ता असतो. मग मुलांनी असा आवाज का घेऊ नये, ज्याला कुठलाच पत्ता नाही? हा आक्षेप मला एका जाणत्या नाट्यकर्मीने ऐकवला आणि मी बरेच दिवस त्यावर विचार करत राहिले. कल्पित जग म्हटलं की ते अनोळखी हवं. हलगी वाजली की प्रेक्षक त्या राज्यातून उठून थेट आपल्या गावात येतो आणि जादू संपते. खरं आहे. फक्त, बिनपत्त्याचा आवाज म्हणून जे सुचवलं जातं ते काय असतं? पितळी रणशिंगं, मोठा वाद्यवृंद, मागे परक्या भाषेतला कोरस. त्यालाही पत्ता आहेच. तो आपल्या गावचा नाही, पडद्यावरचा आहे इतकंच. अशा धुनेने प्रेक्षक नदीकाठच्या त्या राज्यात जात नाही, आधी पाहिलेल्या सिनेमांत जातो. ओळखीचा आवाज अनोळखी नियमात बांधला तर मात्र वेगळं काही घडतं. एरवी ज्या ठेक्यावर आपण डोळे मिटून डोलतो तोच ठेका शेजारच्या ७ मात्रांमुळे आपल्याला सावध बसायला लावतो. पायाखालची जमीन ओळखीची आणि वाट नवी. मुलांनी हे साधलंय.

आपल्या रंगभूमीचा जन्मच अशा सरमिसळीतून झाला, हे या वादात कुणालाच कसं आठवलं नाही? कर्नाटकातली भागवत मंडळी सांगलीला येऊन खेळ करून गेली. ते पाहून चिंतामणराव पटवर्धनांनी विष्णुदास भाव्यांना मराठीत तसं काही करायला सांगितलं, आणि ५ नोव्हेंबर १८४३ रोजी 'सीता स्वयंवर' उभं राहिलं. तोच दिवस आपण रंगभूमी दिन म्हणून पाळतो. त्याच १८४३ साली आपल्याच बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरला अण्णासाहेब किर्लोस्करांचा जन्म झाला. नाटक सुरू होण्याआधी उभं राहून म्हटली जाणारी नांदी आपण आज पवित्र मानतो. पण नांदीचं काम काय? पडद्यापलीकडे एक कल्पित जग उघडणार आहे, त्याला मंगल म्हणणं. कल्पित जगासाठी विधीचं संगीत ही आपल्याला बाहेरून आलेली चैन नाही. मराठी नाटक पहिल्यापासून ते करत आलं आहे. आणि त्या नाटकाच्या नाळेचं एक टोक कन्नड भागवतांच्या खेळात आहे, हे मान्य केल्याने मराठीचं काय कमी झालं?

यावर एक जण म्हणाले, नांदी परंपरेतून आली, ही धून तर मुलांनी परवा रचली. परवा रचलेल्या गोष्टीला विधी म्हणायचं का? या प्रश्नाला माझं उत्तर रायगडावर आहे. १६७४ साली शिवाजीमहाराजांच्या राज्याभिषेकाची वेळ आली तेव्हा तयार, चालता विधी कुणाच्या हाताशी नव्हता. गागाभट्टांनी जुने ग्रंथ पाहून प्रयोग नव्याने बांधला: कोणतं जल, कोणते कलश, कोण कुठे उभा, कशानंतर काय. ६ जूनला तो झाला. त्यानंतर साडेतीन महिन्यांनी, २४ सप्टेंबरला, निश्चलपुरींनी तांत्रिक पद्धतीने दुसरा अभिषेक केला, कारण पहिल्यात काही राहून गेलं असं त्यांचं म्हणणं होतं. म्हणजे आज आपण ज्याला परंपरेचं शिखर मानतो तो सोहळा त्या वर्षी अगदी नवा होता, जुन्या तुकड्यांतून जुळवलेला होता, आणि त्याच्या नियमांवरून तेव्हाही मतभेद होते. तो खरा ठरला तो नियम मनापासून पाळले गेल्यामुळे आणि पाळणाऱ्यांनी त्यासाठी काही पणाला लावल्यामुळे. मी नाटकातल्या राजाची महाराजांशी तुलना करत नाही. विधी कसा घडतो, एवढंच सांगते आहे. जुनेपण हे विधीला नंतर मिळतं. बांधणी त्याला पहिल्या दिवशीच लागते.

सगळ्यात जड आक्षेप मात्र वेगळा आहे, आणि तो करणाऱ्यांबद्दल माझ्या मनात आदर आहे. ज्यांनी सीमालढ्यात लाठ्या खाल्ल्या, ज्यांच्या घरात कुणी तुरुंगात जाऊन आलं, ती माणसं विचारतात: १९५६ पासून आमचा प्रश्न लोंबकळतोय, २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात दावा पडून आहे, ८६५ गावांचं काय होणार ते ठाऊक नाही, आणि तुम्ही दोन काठांच्या गोड राज्याची स्वप्नं दाखवता? याने लढ्याची धार बोथट होत नाही का? मी १ नोव्हेंबरला काळा दिवस पाळणाऱ्या घरात वाढले. हा प्रश्न मला परका नाही, आणि त्यातलं दुःख खोटं आहे असं मी कधीच म्हणणार नाही.

पण कल्पनेने लढा बोथट होतो, हे इतिहासात कुठे दिसतं? संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात अण्णा भाऊ साठ्यांनी सभेत आकडे वाचून दाखवले नाहीत. गावाकडे राहिलेल्या मैनेची विरहकथा रचली, आणि त्या मैनेच्या रूपाने तुटलेला मुलूख लोकांच्या काळजात शिरला. दुसरं उदाहरण द्यायला मला जड जातं, तरी देते. डिसेंबर १९२४ मध्ये इथे टिळकवाडीत काँग्रेसचं अधिवेशन भरलं, गांधीजी अध्यक्ष होते. आजही ती काँग्रेस विहीर तिथे आहे. त्या अधिवेशनात हुयिलगोळ नारायणरावांचं कन्नड नाडूच्या उदयाचं गीत गायलं गेलं. तेव्हा कन्नड भाषिकांचं एक राज्य कुठे होतं? मुंबई इलाखा होता, म्हैसूर संस्थान होतं, निजामाचं राज्य होतं. गीत ज्या भूमीचं स्वागत करत होतं ती कुठल्याच नकाशावर नव्हती. ती एकत्र यायला ३२ वर्षं लागली आणि कर्नाटक हे नाव मिळायला ४९. त्या १९५६ च्या जुळणीत आम्ही कुठे गेलो, हे मला कुणी सांगायला नको. म्हणूनच म्हणते, नसलेल्या राज्यासाठी रचलेलं गीत किती दूर जाऊ शकतं, हे बेळगावच्या मराठी माणसाइतकं कुणाला कळायला हवं? आणि तसं असेल तर आपल्या मुलांनी रचलेल्या कल्पित राज्याकडे आपण निरर्थक खेळ म्हणून कसं बघतो?

विधीच्या संगीतात नियम किती गंभीर असतो याचं ताजं उदाहरणही शेजारीच आहे. कन्नड कवी कुवेंपूंचं गीत २००४ साली कर्नाटकाचं नाडगीत, म्हणजे राज्यगीत, झालं. शब्दांवर एकमत होतं, पण ते कोणत्या चालीत म्हणायचं यावर कन्नड संगीतकारांत आणि रसिकांत वर्षानुवर्षं वाद चालला. शेवटी २०२२ मध्ये सरकारने आदेश काढला: म्हैसूर अनंतस्वामींची चाल, २ मिनिटं ३० सेकंद. तरीही प्रकरण न्यायालयात गेलं. तो वाद मला क्षुद्र वाटला नाही. हजारो माणसं एकत्र उभी राहून जे म्हणणार, त्याला बांधणी लागते. २०२३ मध्ये महाराष्ट्राने राजा बढ्यांचं गीत राज्यगीत केलं तेव्हाही संपूर्ण गीत न घेता त्यातले ठरावीक चरणच घेतले. ही निवड म्हणजेच विधी.

आता त्या प्रश्नाकडे येते, ज्याने मला या लेखासाठी बसवलं. दुसऱ्या प्रयोगानंतर एक हलगीवाले काका दिग्दर्शक मुलीपाशी आले. पन्नाशी उलटलेले, जत्रांना वाजवणारे. मुलांना हलगी त्यांनीच शिकवली होती. ते वादात पडले नाहीत, कुठला काठ कुणाचा हेही त्यांनी विचारलं नाही. एवढंच म्हणाले, "पोरी, तुमी नवं राज्य काडलासा. मग तितं बी हलगी पायऱ्यांच्या खालीच का?"

ती मुलगी गप्प झाली. मीही. कारण रंगमंचावर खरंच तसं होतं. सनई वरच्या पायरीवर, पखवाज त्याखाली, करडी बाजूला, आणि हलगी सगळ्यांत खाली, जमिनीवर. कुणी मुद्दाम ठरवलं नव्हतं. आपल्या गावांतून तशीच मांडणी डोळ्यांत बसलेली आहे. पिढ्यानपिढ्या हलगीशिवाय गावाचं कुठलंही शुभकार्य, कुठलीही मिरवणूक, कुठलीही अंत्ययात्रा झाली नाही, आणि हलगी वाजवणाऱ्याला मात्र देवळाच्या आणि वाड्याच्या दाराबाहेरच उभं केलं गेलं. त्याचं वाजवणं हा गावाने त्याच्यावर लादलेला हक्क होता. नाही म्हणण्याची मुभा नव्हती. या प्रश्नावर माझ्यापाशी प्रतिवाद नाही. काका बरोबर आहेत. दोन महिने आम्ही राजाचं तोंड कुठल्या काठाकडे आहे यावर भांडलो, आणि कुठली माणसं कुठल्या पायरीवर आहेत हे आमच्यापैकी एकाच्याही नजरेला आलं नाही. मराठीचा अभिमान बाळगणाऱ्यांच्या नाही, कन्नडचा बाळगणाऱ्यांच्याही नाही. एवढ्या एका बाबतीत दोन्ही बाजूंचे डोळे अगदी एकसारखे होते.

आणि इथेच 'काल्पनिक आहे, चालतं' हे म्हणणं सर्वांत जास्त महागात पडतं. खऱ्या गावातली मांडणी बदलायला पिढ्या जातात. कल्पित राज्यात ती एका दुपारच्या तालमीत बदलता येते. जिथे काहीही रचायची मोकळीक आहे तिथेही आपण जुनीच उतरंड रचत असू, तर चूक वाद्यांची नाही, आपल्या डोळ्यांची आहे. मुलांनी तिसऱ्या प्रयोगाला मांडणी बदलली. हलगी आता गादीच्या बरोबरीने उभी राहते, आणि मुकुट आणणारा तिच्यासमोरून जातो. त्या बदलामुळे आधीची एक गोष्ट मला नव्याने दिसली. ७ मात्रांचा तो काठ रूपकाच्या अंगाने बांधलेला आहे, आणि रूपकाची सम 'खाली'वर, म्हणजे बिनथापेच्या मात्रेवर, पडते. म्हणजे ज्या मात्रेला मुकुट ठेवायचा त्या मात्रेला एका काठाची भरीव थाप असते आणि दुसऱ्याचा हात मोकळा. दोन्ही काठ सारख्या जोराने आपटत नाहीत. एक भरतो तेव्हा दुसरा जागा देतो. हे मुलांनी विचारपूर्वक केलं की तालातच होतं म्हणून आलं, ते मी विचारलेलं नाही.

मात्र त्याच तिसऱ्या प्रयोगाला दुसरं काही घडलं, आणि त्याबद्दल मुलांशी माझं भांडण आहे. मध्यावरच्या गलक्यात ७ मात्रांच्या काठाची लय किंचित ओढली गेली, मोजणी सरकली. सम एकत्र आलीच नाही. पण प्रकाशाची वेळ आधी ठरलेली होती, सभागृह वेळेत रिकामं करायचं होतं. ठरल्या क्षणी गादीवर उजेड पडला आणि मुकुट ठेवला गेला. टाळ्याही पडल्या. नंतर मी विचारलं तर एक जण म्हणाला, "मावशी, कोण मोजत बसलंय?" मी मोजत होते. ते हलगीवाले काका मोजत होते; त्यांचा हात थापेवरच थांबलेला मी पाहिला. ज्या राज्यात राजासुद्धा हा नियम मोडू शकत नाही असं दोन अंक सांगितलं, तिथे प्रकाशयोजनेने तो मोडला. ज्यांनी राजाच्या तोंडाच्या दिशेवरून फोन केले, त्यातल्या एकानेही यावरून फोन केला नाही.

पुढचा प्रयोग निपाणीला आहे. माझी मुलांना विनंती आहे की प्रकाशाची ती ठरलेली वेळ काढून टाका. उजेड समेने बोलवावा, घड्याळाने नव्हे. हलगीवाल्या काकांच्या हाताकडे बघा आणि त्यांनी मान हलवली की मुकुट ठेवा. मोजणी चुकली तर मुकुट हातात धरून थांबा, दोन्ही काठांनी एकत्र सम पकडून पुन्हा सुरुवात करा. मिनिटाला १२० मात्रांच्या त्यांच्या लयीत ५६ मात्रांना २८ सेकंद लागतात. राष्ट्रगीताच्या ५२ सेकंदांना आपण सगळे निश्चल उभे राहतो. निपाणीचे प्रेक्षक २८ सेकंद थांबतील.